धाकट्याचा तिसरा हिस्सा

“वाटणी कुणी मागितली म्हणालात?” दारातल्या बाईंनी विचारलं.

मोजणीबाईंनी हातातला कोर्टाचा हुकूम पुन्हा एकदा नजरेखालून घातला. तीस वर्षं भूमापन खात्यात घालवलेल्या, आता कोर्टाच्या वतीने घरं मोजणाऱ्या बाईंना नाव चुकवायची सवय नव्हती.

“तुमच्या धाकट्या भावाने,” त्या म्हणाल्या. “त्यांच्या मुखत्यारामार्फत. घराचे तीन हिस्से करा, जमत नसेल तर लिलाव करा, असा दावा आहे.”

दावा म्हटला की घरचे लोक एक तर भडकतात, नाही तर रडतात. या बाईंचा चेहरा मात्र उजळला. साठीच्या, सडपातळ, गळ्यात काळ्या दोऱ्यात ओवलेली एक किल्ली. त्या मागे वळून ओरडल्या, “दादा, ऐकलंस? कोर्टातसुद्धा तो आहे!”

आतून एक उंच गृहस्थ आले. अंगात इस्त्रीचा सदरा, पायांत पांढरेशुभ्र मोजे. हे थोरले. त्यांनी बहिणीला पाणी आणायला आत पिटाळलं आणि आवाज खाली आणला.

“सहा वर्षांपूर्वी धाकट्याची बोट बुडाली. कंपनीचं पत्र आलं. प्रेत काही मिळालं नाही.”

“मग दावा कोणी लावला?”

“तेच मी म्हणतो. बुडाला असता तर सही कोणी केली असती?” दादांनी खांदे उडवले. “ताई तर म्हणते, तो घरी येऊन जातो.”

“तुम्ही पाहिलंत त्यांना?”

“पाहिलं नाही. ऐकलंय.”

मोजणीबाईंनी आजवर भांडणाऱ्या भावांची, सवतींची, दत्तक मुलांची घरं मोजली होती. बुडालेल्या माणसाचा हिस्सा मोजायची वेळ पहिलीच. त्यांनी पिशवी खाली ठेवली, आणि उगाचच एकदा जिन्याकडे पाहिलं.

घर दुमजली, भक्कम, पण कोंदट. सगळ्या खिडक्या अर्ध्या लावलेल्या. खुंटीवर एक खलाशाचा कोट टांगलेला होता आणि त्यावर धुळीचा कण नव्हता. जेवणाच्या टेबलाला तीन खुर्च्या, तिसरीसमोर ताट पालथं घातलेलं. दोन माणसांच्या त्या घरात तिघांचं सगळं मांडलेलं होतं, आणि मोजणीबाईंना बसावं कुठे ते कळेना.

ताईंनी पाणी दिलं आणि आपणहून बोलायला लागल्या.

“चार महिने झाले. दुपारी मी जरा पडले की वर पावलं वाजतात. धाकटा डावा पाय ओढत चालायचा, लहानपणी झाडावरून पडला होता. अगदी तस्संच. एक पाऊल पडतं, एक घासत येतं. वर गेलं की कोणी नाही. एकदा कपाटात पडलेलं त्याचं घड्याळ खिडकीत होतं, किल्ली दिलेलं.”

“भीती नाही वाटत?”

“स्वतःच्या भावाची?” ताई हसल्या. “रागावलाय तो. दादाशी भांडून गेला होता ना. येईल हळूहळू खाली. मी कोर्टाला तसं लिहूनही दिलंय, की माझा भाऊ जिवंत आहे, घरी येतो म्हणून. दादाने मजकूर सांगितला, मी सही केली.”

“त्यांच्या हिश्शाबद्दल जाताना काही बोलले होते?”

“मी मेलो तर माझा हिस्सा ताईचा, असं लिहून नोंदवून गेला होता म्हणे. असलं अभद्र मी वाचत नाही. तो आहे. मग कशाला वाचायचं?”

मोजणीबाईंनी मान हलवली. मनात मात्र आलं, की या घरात धाकटा मेला तर ताईचे दोन हिस्से होतात. जिवंत राहिला तर एकच. म्हणजे त्याने जिवंत असणं कोणाच्या तरी फार सोयीचं होतं.

काम सुरू करण्याआधी त्यांनी दाव्याला जोडलेला कच्चा नकाशा उलगडला. घडीतून पिवळसर भुसा टेबलावर सांडला. लाकडाचा. त्यांनी फुंकर मारली आणि खिडकीतून बाहेर पाहिलं. समोरच लाकडाची मोठी वखार होती, आणि वखारवाला फाटकाशी उभा राहून या घराकडे टक लावून बघत होता.

“दहा वर्षं घर मागतोय तो,” ताई म्हणाल्या. “म्हटलं, मेले तरी देणार नाही.”

“मागू दे,” मोजणीबाई म्हणाल्या. “एखाद्याचा हिस्सा त्याने घेतला तरी तो इथे राहायला येऊ शकत नाही. राहत्या घरात परक्याला पाय ठेवता येत नाही, फक्त वाटणी मागता येते. आणि परक्याने वाटणी मागितली, की घरच्यांना म्हणता येतं, कोर्ट ठरवेल ती किंमत घे आणि चालू लाग. कायदा घरच्यांच्या बाजूचा आहे.”

“आणि घरच्यानेच मागितली तर?”

“तर मग घर मोडतं,” मोजणीबाई म्हणाल्या. “लिलावात कोणीही बोली लावू शकतो.”

दादा दारात उभे राहून ऐकत होते. मोजणीबाईंनी त्यांना सहज विचारलं, “थोरले तुम्ही. मोडायचंच होतं तर वाटणी तुम्हीच का नाही मागितली?”

“मी कशी मागणार?” दादा पटकन म्हणाले. मग सावरून, “म्हणजे, घर फोडायचं पाप माझ्या हातून नको.” आणि वाचनालयात जातो म्हणून त्यांनी दारात बूट चढवले.

मोजणीबाईंनी पोलादी टेप काढली. त्यांची पद्धत ठरलेली: नकाशातलं माप एका रकान्यात, आपलं दुसऱ्यात, फरक तिसऱ्यात. पहिलाच दरवाजा नकाशात तीन फूट दोन इंच होता, प्रत्यक्षात तीन फूट. कोठीत चार इंचांचा फरक पडला. बैठकीच्या खोलीत सहाचा. वरच्या तीस फुटांच्या लांब सोप्यात, म्हणजे खोल्यांपुढच्या ओसरीत, तर चौदा इंच.

फरक चुकीचा होता असं नाही. फरक फार शिस्तीचा होता. माणूस चुकतो तेव्हा कधी जास्त, कधी कमी धरतो. इथे प्रत्येक वेळी जास्तच, आणि जेमतेम पाच फुटांच्या प्रत्येक टप्प्याला दोन-दोन इंचांनी. बाईंनी रकाना दोनदा तपासला.

वर सोप्याला लागून ओळीने तीन खोल्या होत्या. पहिली दादांची, तिसरी अडगळीची, मधली धाकट्याची. तिला कुलूप.

“ही नाही उघडत मी,” ताईंचा हात गळ्यातल्या किल्लीकडे गेला. “एक किल्ली माझ्याकडे, दुसरी त्याच्या खिशात. तो आला की तोच उघडेल.”

“दादांनाही नाही दिली कधी?”

“त्याला कशाला?”

मोजणीबाईंनी आग्रह धरला नाही. नकाशात त्या खोलीला आकडा होता खरा, पण दार-खिडकीची मापं नव्हती. सोप्याच्या लांबीतून शेजारच्या दोन खोल्या वजा केल्या की उरेल तेवढाच तो आकडा होता. मधल्या भिंतींची जाडी कोणाच्या लक्षातच आली नव्हती. त्यांनी तसं वहीत लिहिलं. मग हिस्से आखायला निळ्या खडूची दोरी काढली आणि सोप्याच्या फरशीवर आडव्या तीन रेघा मारल्या. दोरी ताणून सोडली की फटकन रेघ उमटते, आणि निळी भुकटी बराच वेळ तिथेच पडून राहते.

खाली ताई शाळेचे गणवेश बेतायला बसल्या होत्या. मशीनच्या खणातून त्यांनी कापडी टेप काढली आणि पुटपुटत मापं घेऊ लागल्या. “बावीस, म्हणजे वीस. सोळा, म्हणजे चौदा.”

“दोन कमी का करता?”

“इस्त्री पडली हो तिच्यावर, चार महिने झाले. सुरुवातीचे दोन इंच जळले.” ताईंनी काळपट टोक दाखवलं. “हात बसलाय, म्हणून नवी घेत नाही. मला ठाऊक असलं म्हणजे झालं. दादा म्हणतो ना, मी सगळ्यांचं माप काढते, तर दोन इंचांची सूट तरी असू दे.”

त्या स्वतःच्याच विनोदावर हसल्या. मोजणीबाईही हसल्या, पण त्यांची नजर टेपेवरून हलली नाही.

तेवढ्यात वर पाऊल वाजलं.

एक पडलं. मग काहीतरी घासत आलं. पुन्हा एक पडलं. सोप्याच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे, सावकाश, स्वतःच्या घरात चालावं तसं.

मोजणीबाईंच्या अंगावर सर्रकन काटा आला. नाही म्हणण्यात अर्थ नाही. भुतांवर त्यांचा विश्वास नव्हता, पण त्या क्षणी विश्वास आपल्या जागी आणि काटा आपल्या जागी होता. ताईंनी हातातलं कापड खाली टाकलं. त्यांचा चेहरा इतका तरुण दिसत होता, की मोजणीबाईंना पावलांपेक्षा त्या चेहऱ्याचीच जास्त भीती वाटली.

“ऐकलंत ना? तुम्ही ऐकलंत! आता मला कोणी वेडी म्हणणार नाही.”

दोघी धावत वर गेल्या. सोपा रिकामा होता. दार बंद, कुलूप जागच्या जागी. पलीकडच्या टोकाला मागच्या अंगणात उतरणाऱ्या लोखंडी जिन्याचं दार वाऱ्याने हलत होतं.

“आत गेला असेल,” ताई दाराला कान लावून म्हणाल्या. “ए, येतोस का बाहेर? पाहुण्या आल्यात बघ.”

मोजणीबाई खाली वाकल्या. तिन्ही निळ्या रेघा फिसकटलेल्या होत्या. त्यांनी ताईंना काही सांगितलं नाही.

पाचाला दादा पुढच्या दाराने आले. बूट काढून आत येताना त्यांचे पाय अनवाणी होते.

“काय, झाली मोजणी?”

“थोडी राहिली. उद्या दुपारी येते. तुम्ही दोघं घरी असा. आणि समोरच्या वखारवाल्यांनाही बोलवा, साक्षीदार म्हणून.”

“त्यांना कशाला?” दादांनी विचारलं.

“शेजारी आहेत ना,” मोजणीबाई म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या नोंदणी कार्यालयात गेल्या. कोर्टाने नेमलेल्या कमिशनरचं काम मोजायचं, खणायचं नाही, असं त्यांचे जुने साहेब म्हणत. साहेब निवृत्त होऊन बागकाम करत होते. बाईंनी दोन तास जाड वह्या चाळल्या, दोन नकला मागून घेतल्या आणि चहा न पिताच निघाल्या.

दुपारी सगळे बैठकीच्या खोलीत जमले. ताई मशीनशी, दादा मोठ्या खुर्चीत, वखारवाला दाराजवळ अवघडून उभा. दोनदा बसा म्हटलं तरी तो उंबऱ्याच्या आत आला नाही.

“मोजणी संपली,” मोजणीबाई म्हणाल्या. “अहवाल कोर्टात जाईल. पण त्यातलं काही या घरातल्या माणसांनी आधी ऐकावं असं आहे. दाव्यातला नकाशा कोणी काढला, दादा?”

“धाकट्याने काढला असेल. नाही तर त्याच्या मुखत्याराने.”

“मुखत्यार घरात आला होता कधी?”

“नाही,” ताई म्हणाल्या. “दादा आणि मी सोडून वर्षभरात कोणी उंबरा ओलांडला नाही.”

“तरी नकाशा आतून मोजून काढलाय, दारादारासकट. आणि शिंप्याच्या टेपेने. ती पाच फुटांची असते. मोठी खोली मोजायची तर ती पुन्हा पुन्हा लावावी लागते, आणि दर वेळी दोन इंच जास्त निघाले. म्हणजे टेपेचे पहिले दोन इंच नव्हते.” त्यांनी मशीनच्या खणाकडे बोट केलं. “ही टेप. चार महिन्यांपूर्वी जळली. तेव्हा नकाशा त्यानंतरचा. ताईंनी मोजलं असतं तर दोन वजा केले असते.”

“मग धाकट्याने मोजलं!” ताई म्हणाल्या. “त्याला कुठे ठाऊक असणार टेप जळलेली?”

इथवर येणं सोपं होतं, पुढचं मोजणीबाईंच्या जिवावर आलं.

“मलाही आधी तसंच वाटलं, ताई. पण नकाशात धाकट्यांचीच खोली मोजलेली नाही. बाहेरून अंदाज केलाय. ज्याच्या खिशात किल्ली आहे, तो स्वतःच्या खोलीबाहेर का थांबेल? मोजणाऱ्याकडे किल्ली नव्हती. या घरात वावरणारा, टेपेचा दोष न जाणणारा आणि किल्ली नसलेला, असा माणूस एकच आहे.”

मशीनवरची ताईंची बोटं थांबली होती.

“काहीतरीच!” दादा म्हणाले. “आणि पावलं? तुम्ही स्वतः ऐकलीत. मी वाचनालयात होतो.”

“काल मी आले तेव्हा तुमच्या पायांत पांढरे मोजे होते. संध्याकाळी अनवाणी आलात. मोजे कुठे गेले?”

“धुवायला टाकले.”

“वाचनालयात?”

दादांनी पाय खुर्चीखाली ओढून घेतले.

“मागच्या जिन्याने बूट काढून वर आलात, पण सोप्यात मी निळा खडू मारला होता. तो तळव्यांना लागतो, आणि बूट घातला की बुटाच्या आत उतरतो. मोजे तुम्ही फेकले असतील. बूट दारात आहेत. मी येतानाच पाहिले.”

वखारवाला नकळत एक पाऊल मागे सरकला.

“थांबा,” मोजणीबाई त्याला म्हणाल्या. “तुमचा भुसा नकाशाच्या घडीत होता. तो कागद तुमच्याच टेबलावर दुमडला गेला. मुखत्यार म्हणून ज्याचं नाव आहे, तो तुमच्या वखारीचा कारकून, हे मला आज सकाळी नोंदणीच्या वह्यांतून कळलं. धाकट्यांची सही जुन्या पत्रावरून गिरवली असणार, ते कोर्ट तपासेल.”

“पण कशासाठी?” ताईंचा आवाज अगदी बारीक झाला होता. “दादाला वाटणी हवी होती तर त्याने सरळ मागायची. मी काय त्याला बांधून ठेवलं होतं?”

“दादा मागू शकत नव्हते. ते स्वतःच म्हणाले, मी कशी मागणार. तेव्हा मला तो नुसता शब्द वाटला.” मोजणीबाईंनी पहिली नक्कल टेबलावर ठेवली. “दोन वर्षांपूर्वी त्यांनी आपला हिस्सा या वखारवाल्यांना विकलाय. मागण्यासारखं त्यांच्याकडे काही उरलंच नव्हतं. आणि वखारवाल्यांनी मागितली असती, तर परका म्हणून तुम्ही त्यांना किंमत देऊन बाहेर काढलं असतं. म्हणून वाटणी मागायला घरचं माणूस हवं होतं. तुम्ही मागणार नव्हता. राहिला तो धाकटा.”

त्यांनी दुसरी नक्कल पहिलीवर ठेवली.

“धाकटा गेला असं ठरलं, तर त्याचा हिस्सा या कागदाने तुमचा होतो. मग मागणारं कोणीच उरत नाही. म्हणून त्याला जिवंत ठेवायचं होतं. आणि तो जिवंत आहे, असं कोर्टात शपथेवर सांगेल आणि लोक विश्वास ठेवतील, असं माणूस एकच होतं. त्यासाठी तुम्हाला पावलं ऐकवली. ताई, तुम्ही रोज परक्याची धास्ती घेत होता. या घरात गेली दोन वर्षं परके होते ते दादा.”

वखारवाला काहीतरी पुटपुटत फाटकाकडे निघून गेला. त्याला कोणी अडवलं नाही. त्याचा पत्ता कोर्टाला ठाऊक होता.

दादा मोठ्या खुर्चीत बसल्या जागी लहान झाले होते.

“मला इथून जायचं होतं,” ते फरशीकडे बघत म्हणाले. “जीव गुदमरायचा माझा. रोज तिसरं ताट. रोज त्याचा कोट झटकायचा. सहा वर्षं तू त्याची वाट बघत होतीस, ताई, आणि मी तुझ्यासमोर बसलेला असायचो. माझ्याकडे एकदा तरी धड बघितलंस? वाटलं, घरच गेलं तर सुटेन. तूही सुटशील.”

हे खोटं नव्हतं, आणि म्हणूनच मोजणीबाईंना त्यांचा राग येता येईना. त्यांना दोघांचीही कीव आली.

ताई उठल्या. दादांच्या समोर जाऊन उभ्या राहिल्या.

“हिस्सा विकलास, ठीक आहे. तुझा होता. मला सांगितलं असतंस तर रडले असते, भांडले असते, आणि मग सोडून दिलं असतं. पण दादा, चार महिने मी सुखात होते रे. दुपारी डोळे मिटून पडायचे आणि वाट बघायचे. पावलं वाजली की वाटायचं, आता मरण आलं तरी चालेल.” त्यांनी गळ्यातली किल्ली मुठीत धरली. “त्याचं चालणं तुझं नव्हतं. ते कसं विकलंस?”

दादांनी दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

ताई मोजणीबाईंकडे वळल्या. “आता काय करायचं?”

“दावा खोट्या नावाने लावलाय, तो टिकणार नाही. वखारवाल्याला आता स्वतःच्या नावाने मागावं लागेल, आणि त्याने मागितलं की त्याचा हिस्सा घ्यायचा पहिला हक्क तुमचा. घर तुमचंच राहील. फक्त...” बाई अडखळल्या. “तुम्ही कोर्टाला लिहून दिलंय, की भाऊ जिवंत आहे. ते तुमच्या हाताने मागे घ्यावं लागेल. तो गेला, असं लिहावं लागेल.”

“नाही लिहिलं तर?”

“तर दावा चालत राहील. तो जिवंत आहे, आणि तो वाटणी मागतोय.”

ताई मशीनशी जाऊन बसल्या. शाळेच्या गणवेशांचा ढीग बाजूला सारून त्यांनी जागा केली आणि कागद मागितला. मोजणीबाईंनी मजकूर सांगू का विचारलं. त्या नको म्हणाल्या.

त्यांनी हळूहळू, प्रत्येक अक्षर नीट काढत लिहिलं. माझा धाकटा भाऊ सहा वर्षांपूर्वी बोट बुडून वारला. तो घरी येत नाही. मग तारीख घातली, सही केली, आणि शाई वाळेपर्यंत कागदाकडे बघत बसल्या.

“वाचून दाखवू?” त्यांनी विचारलं.

मोजणीबाई हो म्हणाल्या. ताईंनी पहिली ओळ वाचायला सुरुवात केली, आणि ‘धाकटा’ या शब्दापाशी सहा वर्षांचं रडू एकदम बाहेर आलं. दादा खुर्चीतून उठले, दोन पावलं पुढे आले आणि तिथेच थांबले. मोजणीबाईंनी कागद हळूच ताईंच्या हातातून काढून घेतला, घडी करून पिशवीत ठेवला आणि बाहेर जाऊन पायरीवर बसून राहिल्या.